खाड्यांच्या वहीतली कारकीर्द : सांगलीतील एका सहकलाकाराचे प्रकरण

सांगलीच्या मार्केट यार्डातील हळदीच्या एका अडत दुकानात सदतीस वर्षे दिवाणजी म्हणून नोकरी केलेल्या आणि त्याच काळात मराठी चित्रपटांतून छोट्या भूमिका करत राहिलेल्या एका गृहस्थांनी २०२१ साली राज्य शासनाच्या वृद्ध साहित्यिक व कलावंत मानधन योजनेसाठी अर्ज केला. तो अर्ज पुरावे अपुरे असल्याच्या शेऱ्यासह परत आला. पुढच्या वर्षी त्यांची फाइल नव्याने तयार करण्याच्या कामात मी सुरुवातीपासून होतो. ही फाइल कशी उभी राहिली, कोणता पुरावा टिकला, कोणता टिकला नाही आणि या शोधातून सहकलाकाराच्या कामाविषयी काय कळले, ते येथे नोंदवतो आहे. त्यांच्या इच्छेनुसार त्यांचे नाव देत नाही. घरात आणि गल्लीत त्यांना सगळे बापू म्हणतात, तेच येथे वापरतो. चित्रपटांची नावेही याच कारणाने वगळली आहेत, कारण नाव दिले की चेहरा ओळखू येईल.

ही योजना १९५४-५५ पासून सुरू आहे. वयाची पन्नाशी ओलांडलेल्या आणि कला किंवा साहित्याच्या क्षेत्रात किमान पंधरा ते वीस वर्षे काम केलेल्या गरजू व्यक्तीला दरमहा मानधन मिळते आणि निवड जिल्हा पातळीवरील समिती करते. अर्जासोबत वयाचा व उत्पन्नाचा दाखला लागतो आणि कलाक्षेत्रातील योगदानाचे पुरावे लागतात. यातील पहिले दोन कागद बापूंकडे होते. अडचण तिसऱ्यापाशी आली. भजनी मंडळातील माणसाला गावाचे प्रमाणपत्र मिळते, शाहिराकडे कार्यक्रमांची निमंत्रणे असतात, नाटकवाल्याकडे स्पर्धेची प्रशस्तिपत्रे असतात. चित्रपटात दोन प्रसंगांपुरत्या दिसणाऱ्या माणसाला मात्र असा कागद कोणी दिलेलाच नसतो. अर्ज परत करणाऱ्यांना मी दोष देणार नाही. त्यांच्या टेबलावर आले होते ते एक साधे विनंतीपत्र, एका नटाबरोबरचा पुसट झालेला फोटो आणि बापूंनी स्वतःच्या हाताने लिहिलेली पंचवीस चित्रपटांची यादी. त्या यादीवर विश्वास ठेवायचा तर कशाच्या आधारावर, हा प्रश्न त्यांच्या जागी मीही विचारला असता.

बापूंचा जन्म १९४७ चा. मॅट्रिकनंतर १९६६ साली ते दुकानात लागले. त्याआधी शाळेच्या आणि गल्लीतल्या गणेशोत्सवाच्या नाटकांत त्यांनी कामे केली होती, आणि सांगलीत ते नवलाचे नव्हते. विष्णुदास भावे यांनी १८४३ साली याच गावात 'सीता स्वयंवर' सादर केले. ५ नोव्हेंबर हा दिवस मराठी रंगभूमी दिन म्हणून पाळला जातो आणि त्याच दिवशी येथे भाव्यांच्या नावाचे गौरवपदक दिले जाते. या गावात नाटकाच्या माणसाला मान आहे, इतिहास आहे, नाट्यमंदिर आहे. चित्रपटाची परंपराही या कृष्णाकाठाला परकी नाही. मिरजेत १९२१ साली जन्मलेले चंद्रकांत गोखले आयुष्यभर चरित्रभूमिका करत राहिले. त्यांच्या आई कमलाबाई आणि आजी दुर्गाबाई कामत या दोघी दादासाहेब फाळके यांच्या १९१३ सालच्या 'मोहिनी भस्मासुर' मध्ये पडद्यावर आल्या होत्या. शेजारच्या सातारा जिल्ह्यातील वेळे-कामथीचे सयाजी शिंदे हिंदी, तेलुगू आणि तमिळ चित्रपटांपर्यंत पोहोचले. पण ही नावे टिकली, कारण ती नावे झाली होती. बापू ज्या थरात वावरले तो याच्या खालचा आहे. तिथे चेहरा ओळखीचा होतो आणि नाव कोणालाच माहीत नसते.

पहिले काम १९७१ साली मिळाले. कोल्हापूरच्या एका निर्मिती कंपनीला पोलीस हवालदार हवा होता आणि ठरलेला माणूस आजारी पडला होता. दुकानात हळद घ्यायला येणाऱ्या एका व्यापाऱ्याचा मेहुणा त्या कंपनीत प्रॉडक्शनचे काम पाही. त्याने उंची विचारली, आवाज ऐकला आणि दुसऱ्या दिवशी पहाटेच्या एसटीने यायला सांगितले. दिवसाचा रोज पंचवीस रुपये ठरला. दुकानातला पगार त्या वेळी महिना एकशे ऐंशी होता, म्हणजे एका दिवसाचे सहा रुपये. केवळ पैशांचा हिशेब केला तरी सौदा चांगला दिसतो. मात्र रोजाचे दिवस वर्षात पंधरा-वीसच्या वर कधी गेले नाहीत. शिवाय हळदीचा हंगाम जानेवारीपासून उन्हाळ्यापर्यंत चालतो आणि बाहेरच्या चित्रीकरणालाही नेमके तेच कोरडे महिने सोयीचे असतात. दुकानात सौदे ऐन भरात असताना दिवाणजीने चार दिवस गायब व्हायचे, हे कोणत्याही मालकाला परवडणारे नव्हते. बापूंच्या मालकांनी ते चालवून घेतले, पण एका अटीवर. जितके दिवस गैरहजर, तितके खाडे वहीत मांडले जातील आणि पगारातून कापले जातील. बापूंनी ती अट आनंदाने मान्य केली होती. पुढे या प्रकरणात हीच अट निर्णायक ठरली.

त्यांना पुन्हा पुन्हा का बोलावले जाई, याचे उत्तर मला महत्त्वाचे वाटते, कारण सहकलाकाराची गुणवत्ता कशात असते हे सहसा कोणी लिहीत नाही. त्या काळी चित्रीकरण ३५ मिलिमीटरच्या कच्च्या फिल्मवर होई. चारशे फुटांचे एक मॅगझिन, म्हणजे कॅमेऱ्यावर चढवायची फिल्मची पेटी, साडेचार मिनिटांच्या आत संपते, आणि मराठी निर्मात्याच्या अंदाजपत्रकात कच्ची फिल्म हा मोठा खर्च असे. नायकाचे वाक्य चुकले तर रीटेक होई. हवालदाराचे वाक्य चुकले तरी रीटेकच होई, पण त्या हवालदाराला पुढच्या चित्रपटात बोलावणे येत नसे. बापू पहिल्या टेकला वाक्य बरोबर म्हणत. एवढेच सांगितले तर ही पाठांतराची बाब वाटेल. प्रत्यक्षात त्यात ठरलेल्या जागेवर खाली न बघता येऊन थांबणे होते, नायकावरचा प्रकाश आपल्या खांद्याने न अडवणे होते, आणि सकाळी ज्या हातात काठी होती त्याच हातात ती दुपारच्या जवळून घेतलेल्या शॉटमध्ये ठेवणे होते. या गोष्टी त्यांना कोणी शिकवल्या नाहीत. दिवाणजीच्या नोकरीत आकडा एका रकान्यातून दुसऱ्यात जाऊ न देण्याची जी सवय लागते, तिचा उपयोग झाला असे ते म्हणतात, आणि ते मला पटते.

नायकाच्या तोंडावरचा शॉट असला की समोरच्या माणसाने कॅमेऱ्याबाहेर उभे राहून आपली वाक्ये म्हणायची असतात, म्हणजे नायकाची प्रतिक्रिया खरी येते. कॅमेरा उलट्या बाजूने लागला की नायक बहुधा विश्रांतीला गेलेला असे आणि बापूंना तीच वाक्ये एखाद्या सहायकाकडे किंवा नुसत्या स्टँडकडे बघून म्हणावी लागत. याबद्दल त्यांनी कधी तक्रारीच्या सुरात सांगितले नाही. त्यांचे वाक्य मी त्यांच्याच शब्दांत देतो : "हिरोनं कुणाकडं तरी बघून बोलायचं असतंय, तो माणूस म्हंजे आपण. आपण हाललो की त्याचं बोलणं पडलं." सहकलाकाराच्या कामाची याहून नेमकी व्याख्या मी वाचलेली नाही.

१९७१ ते २००३ या काळात त्यांच्या आठवणीनुसार पंचवीस चित्रपट झाले. हवालदार, तलाठी, सरपंचाच्या मागे उभा असणारा माणूस, मुलीचा बाप, बैलगाडीवान. सत्तरच्या दशकात मराठी चित्रपटाला करमणूक कराच्या परताव्याचा आधार मिळाल्यानंतर निर्मिती वाढली आणि त्यांचीही कामे वाढली. पुढे निर्मितीचे केंद्र मुंबईकडे सरकत गेले तसे कोल्हापूरचे बोलावणे विरळ झाले. त्या वर्षांविषयी सांगण्यासारखे फारसे नाही. ते दुकानात नियमित बसू लागले आणि २००३ मध्ये नोकरी व चित्रपट दोन्ही एकाच वर्षी थांबले.

आता पुराव्यांकडे येतो. बापूंच्या घरी एक पत्र्याची ट्रंक होती. तीत चित्रीकरणाच्या वेळचे फोटो, काही व्हाउचरच्या प्रती, दोन दिग्दर्शकांची पोस्टकार्डे आणि चित्रपटांच्या पुस्तिका होत्या. गावभागातल्या त्यांच्या जुन्या घरात २००५ च्या पुराचे पाणी उंबऱ्याशी येऊन थांबले होते, त्या अंदाजाने २०१९ च्या ऑगस्टमध्ये त्यांनी ट्रंक लाकडी पलंगावर उचलून ठेवली. त्या वर्षी सांगलीतील आयर्विन पुलापाशी कृष्णेची पातळी ५७ फुटांच्या वर गेली. धोक्याची पातळी ४५ फूट आहे. पाणी पलंगावरून गेले. आठवड्याने घर उघडले तेव्हा फोटो एकमेकांना चिकटून त्यांची वीट झाली होती. बापूंच्या पत्नीने, म्हणजे काकूंनी, ती वीट उन्हात ठेवून एकेक फोटो सोडवण्याचा प्रयत्न केला आणि त्यातून एकच निघाला; पहिल्या अर्जासोबत जोडला होता तो हाच. सांगलीत त्या पुराने कोणाचे काय नेले याच्या याद्या झाल्या, पंचनामे झाले, पण एखाद्याच्या कारकिर्दीचे कागद गेले हे कोणत्या रकान्यात लिहायचे याची सोय पंचनाम्यात नसते.

आम्ही तिघांनी २०२२ च्या जानेवारीत काम सुरू केले. सुरुवात अर्थातच चित्रपटांपासून केली. यादीतील जितके चित्रपट इंटरनेटवर किंवा जुन्या व्हीसीडीवर मिळाले तितके पूर्ण पाहिले आणि बापू जिथे दिसतात ती वेळ तास-मिनिट-सेकंदात लिहून त्या चौकटीचे, म्हणजे फ्रेमचे, चित्र छापून घेतले. असे चौदा चित्रपट झाले. श्रेयनामावलीत मात्र फक्त पाच ठिकाणी नाव मिळाले. बाकीच्यांत एकतर 'आणि इतर' या दोन शब्दांत ते मावले होते, किंवा व्हीसीडी तयार करताना वेळ वाचवण्यासाठी सुरुवातीची नामावलीच कापून टाकलेली होती. प्रेक्षकाच्या दृष्टीने नामावली म्हणजे गाणे सुरू होण्याआधीची वाट पाहण्याची वेळ असते. बापूंच्या दृष्टीने तो त्यांचा एकमेव छापील दाखला होता.

नाव मिळाले तिथेही घोटाळा होता. पाचपैकी तीन ठिकाणी त्यांचे चित्रपटासाठी घेतलेले छोटे नाव होते, एका ठिकाणी आडनाव चुकलेले होते आणि फक्त एका ठिकाणी आधार कार्डावरचे नाव जसेच्या तसे होते. दोन्ही नावांची व्यक्ती एकच असल्याचे प्रतिज्ञापत्र आम्ही जोडले, पण प्रतिज्ञापत्र हे शेवटी अर्जदाराचे स्वतःचेच म्हणणे असते. त्याला बाहेरून आधार हवा होता.

दुसरी अडचण मला आधी सुचलीच नव्हती. दोन चित्रपटांत चेहरा बापूंचा आहे आणि आवाज दुसऱ्याचा. बाहेरच्या चित्रीकरणात कॅमेऱ्याचा आवाज येई म्हणून संवाद नंतर स्टुडिओत भरले जात, आणि दोन वाक्यांसाठी सांगलीहून माणूस बोलावण्याचे भाडे वाचवावे म्हणून डबिंगला हजर असलेल्याच कोणाकडून तरी ती म्हणून घेतली जात. आम्ही पडद्यावर तो प्रसंग लावला तेव्हा बापू खोलीत होते. त्यांनी तो चित्रपट प्रदर्शित झाल्यावर एकदाच, यात्रेतल्या तंबूत पाहिला होता आणि तिथल्या गोंगाटात हे त्यांच्या लक्षात आले नव्हते. पंचेचाळीस वर्षांनंतर स्वतःच्या तोंडातून परका आवाज ऐकल्यावर ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग त्यांनी ती दोन वाक्ये, जशी तेव्हा म्हटली होती तशी, आम्हाला म्हणून दाखवली. ती त्यांना पाठ होती. मी फोनवर ती ध्वनिमुद्रित केली. फाइलमध्ये तिचा उपयोग नव्हता, तरी केली.

पुस्तिकांचा शोध अधिक फलदायी ठरला. चित्रपटगृहात काही पैशांना मिळणाऱ्या या चोपड्यांत कथेचा सारांश, गाणी आणि कलावंतांची यादी छापलेली असे, आणि पडद्यावर जागा नसलेली नावे पुष्कळदा या यादीत येत. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने १९६४ पासून चित्रपटांबरोबर असे कागदही जपले आहेत, आणि कोल्हापूर-सांगलीकडे हौसेने चोपड्या जमवणारी माणसे आहेत. एकूण सहा पुस्तिका मिळाल्या, त्यातल्या चारांत नाव होते. एवढ्यावर अर्ज पुन्हा द्यावा असे आमच्यापैकी एकाचे मत होते. मला ते पुरेसे वाटत नव्हते, कारण योजनेची अट किती चित्रपट केले याची नव्हती, किती वर्षे सातत्याने काम केले याची होती. आमच्याकडे १९७० च्या दशकातील पुरावे दाट होते आणि १९८४ ते १९९५ या काळात मोठे खिंडार होते.

ते खिंडार भरले दुकानाने. बापूंचे मालक वारले आहेत. दुकान आता त्यांचे नातू चालवतात. काकूंनी एकदा बोलता बोलता खाड्यांचा उल्लेख केला, तेव्हा आम्ही यार्डात जाऊन जुन्या वह्यांची चौकशी केली. कीर्द-खतावण्या ठरावीक वर्षांनी रद्दीत गेल्या होत्या. नोकरांच्या हजेरीच्या वह्या मात्र माळ्यावर एका पोत्यात शिल्लक होत्या, बहुधा त्या कोणाला महत्त्वाच्या वाटल्या नाहीत म्हणून कोणी विकायलाही काढल्या नाहीत. लाल कापडी बांधणीच्या त्या वह्यांत दर महिन्याला एक पान होते, नावासमोर दिवसांचे चौकोन होते आणि गैरहजेरीच्या चौकोनात फुली होती. बापूंच्या नावापुढच्या फुल्यांजवळ मालकांनी कारण लिहून ठेवले होते. 'लग्न', 'ताप', 'वारी'. आणि वर्षातून तीन-चार वेळा, सलग दोन, तीन, चार फुल्यांच्या शेजारी : 'शूटिंग, कोल्हापूर', 'शूटिंग, पन्हाळा', आणि काही ठिकाणी नुसतेच 'कंपनीकडे'.

मालकांनी हे पगार कापण्यासाठी लिहिले होते. त्यात बापूंचे हित नव्हते आणि खोटे लिहिण्याचे कारणही नव्हते, म्हणून पुरावा म्हणून त्याचे वजन कोणत्याही शिफारसपत्रापेक्षा अधिक आहे, असे माझे मत आहे आणि आमच्या निवेदनात मी तेच मांडले. अठ्ठावीस वर्षांच्या वह्या मिळाल्या. त्यातील सत्तावीस वर्षांत चित्रीकरणाचा किमान एक खाडा आहे. आम्ही एक तक्ता केला : डावीकडे खाड्यांच्या तारखा व कारण, मध्ये त्या सुमारास तयार झालेला यादीतील चित्रपट, उजवीकडे चौकटीचे चित्र किंवा पुस्तिकेचे पान. प्रत्येक ओळीत तिन्ही रकाने भरले असे झाले नाही, पण आधीच्या खिंडारातही आता सलग तारखा उभ्या राहिल्या. एका ठिकाणी तर वहीने बापूंची आठवण दुरुस्त केली. एक चित्रपट ते १९७८ चा म्हणत होते, तो १९८० चा निघाला, आणि त्यांनी ते लगेच मान्य केले, कारण त्या खाड्याच्या पुढच्याच ओळीत धाकट्या मुलीच्या बारशाचा खाडा होता.

फाइल नोव्हेंबर २०२२ मध्ये दाखल झाली. समितीसमोर बापूंना बोलावले गेले तेव्हा एका सदस्यांनी तक्ता बाजूला ठेवून त्यांच्याकडे नीट पाहिले आणि अमुक चित्रपटात विहिरीवरच्या भांडणात मध्ये पडणारा तलाठी तुम्हीच का, असे विचारले. बापू हो म्हणाले. हा प्रसंग मी मुद्दाम नोंदवतो, कारण तो ऐकणाऱ्याला या ओळखीमुळेच काम झाले असे वाटते. तसे नाही. ओळख पहिल्या अर्जाच्या वेळीही पटू शकली असती, पण ओळखीवर मंजुरी देता येत नाही आणि देऊही नये. मंजुरी तक्त्यावर झाली. २०२३ मध्ये स्थानिक कलावंत या श्रेणीत महिना २२५० रुपये मानधन सुरू झाले आणि २०२४ मध्ये शासनाने सर्व श्रेणींसाठी एकच ५००० रुपयांची रक्कम ठरवल्यावर ते वाढले. 'स्थानिक' हा शब्द मला खटकला होता, कारण ज्या चित्रपटांत त्यांनी काम केले ते महाराष्ट्रभर लागले. बापूंना तो खटकला नाही. आपण स्थानिकच, असे ते म्हणाले, आणि औषधांचा हिशेब काकूंनी त्याच दिवशी नव्याने मांडला.

तक्त्यातील एका ओळीबद्दल लिहायचे राहिले आहे. बापूंच्या म्हणण्याप्रमाणे त्यांना आयुष्यात एकदाच मोठे काम मिळाले : शाळामास्तर, सहा दिवसांचे, शेवटच्या प्रसंगात चार मिनिटांचे एकट्याचे बोलणे. तो चित्रपट थोड्याच गावांत लागला आणि निर्माता कर्जात बुडाला. त्याची प्रत आम्हाला कुठेही मिळाली नाही, पुस्तिका मिळाली नाही, आणि ज्याच्याकडे मूळ फिल्म असावी असे सांगितले गेले त्या घरात आता दुसरी माणसे राहतात. वहीत १९८६ च्या मार्च महिन्यात, ऐन हंगामात, सलग सहा फुल्या आहेत. शेजारी मालकांच्या अक्षरात लिहिले आहे : 'शूटिंग. मास्तरचे काम. कापू नये.' त्या महिन्याच्या पगाराच्या रकान्यात पूर्ण रक्कम आहे. ही अट मोडल्याचे बापूंना तेव्हा कळले नव्हते का, असे मी विचारले. पगाराचे पाकीट तेव्हा मोजून घेतले नाही, असे ते म्हणाले, आणि त्या पानाची एक प्रत त्यांनी स्वतःसाठी मागून घेतली.